फडाची वही आणि कवीचा खटला

बा. सी. मर्ढेकरांचा ‘काही कविता’ हा संग्रह १९४७ साली निघाला आणि लवकरच कवीवर अश्लीलतेचा खटला उभा राहिला. त्याच सुमारास, त्याच मुंबई प्रांतात, बाळासाहेब खेरांचे मंत्रिमंडळ असताना तमाशावर बंदी आली. या दोन घटना आपण आजवर वेगवेगळ्या कपाटांत ठेवल्या. खटला नवकवितेच्या इतिहासात गेला, बंदी लोककलेच्या इतिहासात गेली. एकीवर मराठीचे प्राध्यापक लिहितात, दुसरीवर लोकसाहित्याचे आणि समाजशास्त्राचे अभ्यासक. दोन्ही एकाच टेबलावर मांडून वाचाव्यात, एवढ्याच हेतूने हे पुस्तक लिहिले आहे. नवता आणि नियंत्रण या विषयावर मराठीत काही सांगायचे असेल तर सुरुवात तिथूनच करावी लागते, असे मला वाटते.

हे काम मी मढला राहून केले, आणि जागेचा त्याच्याशी संबंध आहे. मढ जुन्नर तालुक्याच्या पश्चिम अंगाला, माळशेज घाटाकडे जाणाऱ्या कल्याण-नगर रस्त्यावर. एका बाजूला पिंपळगाव जोगा धरणाचे पाणी, पुढे घाट. पूर्वेला ओतूर, जिथे तुकोबांच्या गुरुपरंपरेतल्या चैतन्यांची समाधी आहे. त्याच तालुक्यात नारायणगाव, तमाशाची पंढरी. गुढीपाडव्याच्या आसपास तिथे फडांच्या राहुट्या लागतात आणि गावोगावचे यात्रेचे कारभारी सुपारी द्यायला येतात. विठाबाई भाऊ मांग नारायणगावकर या नावातले गाव हेच. या पट्ट्यात यात्रेला फड आणायचा की नाही आणि आणायचा तर कोणाचा, यावर अख्खे गाव बोलते. वगातला सोंगाड्या सरपंचाला, सावकाराला, भटाला, पोलिसाला काय बोलला, ते पुढच्या वर्षापर्यंत लोकांच्या तोंडी राहते. अश्लीलतेच्या कायद्याने ज्यांच्यासाठी काळजी वाहिली ती माणसे ही. त्यांना कोणी कधी साक्षीला बोलावले नाही.

माझे म्हणणे थोडक्यात असे. अश्लीलतेच्या प्रत्येक खटल्यात लेखकापेक्षा वाचकाची परीक्षा होते. लेखनाने कोण बिघडेल याचे एक चित्र कायद्याच्या मनात असते. ते चित्र लहान मुलाचे, बाईचे, मजुराचे, खेड्यातल्या माणसाचे असते. न्यायाधीशाचे स्वतःचे ते कधीच नसते. नव्या लेखकांनी या चित्राशी झुंज दिली तेव्हा त्यांना यश मिळाले, पण ते अर्धे होते. पुस्तक सुटले. ज्याच्या नावाने पुस्तक पकडले होते त्या वाचकाबद्दलचा समज तसाच राहिला.

या समजाचे मूळ शोधायला फार लांब जावे लागत नाही. इंग्लंडमध्ये १८६८ साली हिकलिन खटल्यात मुख्य न्यायमूर्ती कॉकबर्न यांनी एक कसोटी घालून दिली. ज्यांची मने अशा प्रभावाला उघडी आहेत आणि ज्यांच्या हाती ते लेखन पडू शकते, त्यांना बिघडवण्याकडे लेखनाचा कल आहे का, एवढे पाहायचे. पुस्तकाचा एखादा तुकडा त्यासाठी पुरे, लेखकाचा हेतू बघायचे कारण नाही. हीच कसोटी भारतीय दंड संहितेच्या कलम २९२ बरोबर आपल्याकडे चालत राहिली. ‘समाजस्वास्थ्य’ या मासिकासाठी र. धों. कर्व्यांना ज्या खटल्यांना तोंड द्यावे लागले ते याच चौकटीतले. १९३४ च्या खटल्यात वाचकांच्या प्रश्नांना दिलेली उत्तरे अश्लील ठरवली गेली, आणि बचावासाठी डॉ. बाबासाहेब आंबेडकर वकील म्हणून उभे राहिले. कर्व्यांना दंड झाला. मला या खटल्यात एक गोष्ट फार मोलाची वाटते. तिथे वाचक कल्पनेतला नव्हता. त्याने स्वतः पत्र लिहून शंका विचारली होती, उत्तर मागितले होते. कायद्याने मात्र त्याच्याकडे पाहिले ते बिघडू शकणारा एक अज्ञात इसम म्हणूनच. विचारणाऱ्या वाचकाला कायद्यात जागाच नव्हती.

मर्ढेकरांकडे वळण्याआधी एक पार्श्वभूमी सांगितली पाहिजे. खानदेशातल्या फैजपूरला १९०९ साली जन्मलेला हा माणूस १९३० च्या आसपासची वर्षे लंडनमध्ये होता. तो काळ इंग्रजी वाङ्मयातल्या नवतेचा आणि तिच्यावरच्या नियंत्रणाचाही. डी. एच. लॉरेन्सची ‘द रेनबो’ ही कादंबरी १९१५ मध्ये लंडनच्या न्यायालयाच्या हुकमाने नष्ट झाली होती. त्याची ‘लेडी चॅटर्लीज लव्हर’ १९२८ साली फ्लॉरेन्समध्ये खासगीरीत्या छापावी लागली होती. जेम्स जॉइसची ‘युलिसिस’ १९२२ मध्ये पॅरिसला निघाली, कारण तिचे भाग छापल्याबद्दल न्यूयॉर्कमध्ये ‘लिटल रिव्ह्यू’च्या दोन संपादिकांना आधीच शिक्षा झाली होती. अमेरिकेत न्यायाधीश वूल्सी यांनी डिसेंबर १९३३ मध्ये ती मोकळी केली. लंडनच्या वाङ्मयीन वर्तुळात या घटनांची चर्चा रोजची होती. मर्ढेकरांचा सौंदर्यशास्त्रावरचा इंग्रजी ग्रंथ १९३७ साली लंडनहूनच प्रसिद्ध झाला. म्हणजे ‘काही कविता’ लिहिणारा कवी नकळत अडचणीत सापडलेला भाबडा माणूस नव्हता. कवितेत काय आणले तर कोण दुखावते, हे त्याने जवळून पाहिले होते.

तरीही त्याने काय केले? लंडनची नक्कल केली नाही. अभंग आणि ओवी उचलली, ज्ञानोबा-तुकोबा-रामदासांच्या चाली उचलल्या आणि त्यांत गिरणीचा भोंगा, यंत्र, उंदीर, महायुद्धानंतरचे शहर आणि शहरातले शरीर बसवले. भक्तीच्या छंदात बसलेले ते शरीरच आक्षेप घेणाऱ्यांना खुपले असावे. रविकिरण मंडळाच्या धाटणीतली प्रेमकविता वाचत वाढलेल्या वाचकाला शृंगार नवा नव्हता, पण तो रेशमी असायचा. इथे तो घामेजलेला, थकलेला, कधी किळसवाणा झाला. नवकवितेवर दुर्बोधतेचा आरोप झाला आणि अश्लीलतेचाही झाला. हे दोन आरोप एकत्र कसे बसतात, याचा विचार फारसा कोणी केला नाही. जे समजतच नाही त्याने मन कसे बिघडेल? या विसंगतीवर पुस्तकाचे दुसरे प्रकरण उभे आहे. माझे उत्तर असे की दोन्ही आरोप एकाच भीतीतून आले. कविता वाचकाच्या हातात आयता अर्थ देत नाही, तेव्हा तिच्यावर देखरेख ठेवणाऱ्यालाही तो हाती लागत नाही. मग त्यातला एकेक सुटा शब्द पकडून ठेवणे एवढेच त्याच्या हाती उरते.

मर्ढेकर निर्दोष सुटले. १९५१ मध्ये ‘आणखी काही कविता’ आली, ‘सौंदर्य आणि साहित्य’ या ग्रंथाला मरणोत्तर साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला आणि १९५६ नंतर तर ते आपल्या अभ्यासक्रमांचे कवी झाले. सरकारी नभोवाणीत नोकरी करणाऱ्या माणसाने सरकारनेच भरलेल्या खटल्याला तोंड देणे काय असते, याची कल्पना आजच्या नोकरदार लेखकाला सहज करता येईल. आपल्या वाङ्मयेतिहासात तो प्रसंग एका परिच्छेदात उरकला जातो, जणू सुटका झाली म्हणजे काही घडलेच नाही. माझ्या मते खटला हा शिक्षेपेक्षा मोठा असतो. निकाल लागेपर्यंतची वर्षे, वकील, तारखा, घरातले बोलणे, प्रकाशकाची धास्ती हे सगळे निकालपत्रात येत नाही. शिवाय कनिष्ठ न्यायालयांचे निकाल कायद्याच्या छापील अहवालांत जात नाहीत, त्यामुळे पुढच्या वकिलाला त्यांचा आधार घेता येत नाही. मर्ढेकर सुटले तरी मराठी लेखकाच्या हाती त्यातून कुठलाही कायदेशीर दाखला आला नाही. तो यायला आणखी वीसेक वर्षे जावी लागली.

आता फडाकडे येऊ. इथे मी रेंगाळणार आहे, कारण या बाजूवर नवतेचे अभ्यासक थांबत नाहीत.

तमाशावर बंदी घातली गेली, मग कलावंतांच्या विनवण्यांनंतर ती सैल करण्याची वाट शोधली गेली. महामहोपाध्याय दत्तो वामन पोतदार यांच्या अध्यक्षतेखाली तमाशा सुधारण्यासाठी समिती नेमली गेली. ठरले असे की खेळ करायचा तर वग, लावण्या, संवाद आधी लिहून तपासायला द्यायचे आणि मंजुरी घ्यायची. पुढे १९५४ मध्ये सगळ्याच नाट्यप्रयोगांसाठी परिनिरीक्षण मंडळ आले. मोरारजी देसाई गृहमंत्री असतानाचा, दारूबंदीचा १९४९ चा कायदा करणारा तो काळ. नव्या राष्ट्राने स्वच्छ, संयमी, शिस्तीचे व्हावे अशी त्या नेत्यांची मनापासूनची इच्छा होती, आणि ती खोटी होती असे मी म्हणणार नाही. पण स्वच्छतेचा झाडू कुणाच्या दारात आधी गेला हे पाहावे लागेल. फडातली बहुतेक माणसे महार, मांग, कोल्हाटी समाजांतली. कला त्यांच्याकडे वतनासारखी आणि शिक्षेसारखी, दोन्ही प्रकारे आलेली. गावाने रात्री त्यांना डोक्यावर घ्यायचे आणि सकाळी वेशीबाहेर ठेवायचे, हा रिवाज. बंदीने त्या रिवाजाला हात लावला नाही. पोट मात्र बंद झाले.

मंजुरीच्या पद्धतीने कलेच्या आत काय मोडले हे समजायला तमाशाचा क्रम माहीत हवा. गण होतो, गवळण होते, मग बतावणी, रंगबाजी, शेवटी वग. यातली बतावणी हा तमाशाचा श्वास. सोंगाड्या त्या गावात आल्यावर तिथली भांडणे ऐकतो, यात्रेत कोण पुढे बसला आहे बघतो आणि उभ्या उभ्या रचतो. तेच वाक्य ओतूरला एक अर्थ घेते आणि मंचरला दुसरा. आता ही बतावणी आधी वहीत लिहून द्यायची म्हटली तर ती कोण लिहिणार? कित्येक कलावंतांना लिहिता येत नव्हते. लिहिणारा मिळाला तरी तो एक साचा लिहिणार, आणि मंजूर साच्यापलीकडे बोलले तर परवाना धोक्यात. परिनिरीक्षणाने अश्लील शब्द किती गाळले हा प्रश्न मला दुय्यम वाटतो. प्रेक्षकासमोर त्या क्षणी विचार करण्याची जी रीत तमाशाने पिढ्यान्‌पिढ्या जोपासली होती, ती कागदाच्या ताब्यात गेली. ज्यांना सोंगाड्याने बोललेले सोसत नव्हते त्यांचीही त्यात सोय झाली.

कवी आणि फड यांच्यातला फरक इथे स्पष्ट दिसतो. पुस्तक आधी निघते, मग खटला होतो. त्यात आरोप ठेवावा लागतो, पुरावा द्यावा लागतो, आरोपीला बोलता येते आणि तो निर्दोष ठरू शकतो. रंगमंचाला मात्र बोलण्याच्या आधी परवानगी घ्यावी लागते. तिथे आरोप नसतो, म्हणून सुटकाही नसते. वहीवर रेघ मारली जाते आणि फड पुढच्या गावाला जातो. मर्ढेकर निर्दोष आहेत असे एका न्यायालयाने म्हटले. कुठल्याही वगाला तसे कधी कोणी म्हटलेले नाही.

त्याच वर्षांत बोलपटांनी शाहिरांना डोक्यावर घेतले होते. ‘लोकशाहीर रामजोशी’ १९४७ चा, आणि होनाजी बाळावरचा ‘अमर भूपाळी’ १९५१ चा. शांतारामबापूंच्या पडद्यावरचा शाहीर पाहून शहरातल्या माणसांचे डोळे भरून येत होते. जिवंत शाहिराची वही तेव्हा तपासणीला होती. होनाजीने भूपाळी रचली आणि शृंगाराच्या लावण्याही रचल्या, एकाच लेखणीने. सुशिक्षित समाजाने त्यातली भूपाळी घरात घेतली आणि लावणी फडात ठेवली. आणखी मागे गेलो तर जुन्नरच्याच नाणेघाटात ज्यांचा कोरीव लेख आहे त्या सातवाहनांच्या हाल राजाच्या नावावर गाथासप्तशती आहे. शेतावरच्या, नदीकाठच्या बायकांनी उघडपणे बोललेली प्रीती तिच्यात आहे. स. आ. जोगळेकरांनी ती मराठीत आणली ते वर्ष १९५६, मर्ढेकरांच्या मृत्यूचेच वर्ष. तिच्यावर कोणी खटला भरला नाही. दोन हजार वर्षांचे अंतर पडले की देहाची गोष्ट अभिजात होते, आणि विद्वानाची टीप जोडली की निर्धास्तही होते.

या दोन्ही बाजूंना एकाच माणसाने हात घातल्याचे माझ्या माहितीतले उत्तम उदाहरण म्हणजे म. वा. धोंड. ‘मऱ्हाटी लावणी’ त्यांनी लिहिले, ज्ञानेश्वरीतली लौकिक सृष्टी त्यांनी उलगडली आणि उतारवयात ‘तरीही येतो वास फुलांना’ या पुस्तकात मर्ढेकरांच्या कविता एकेक करून वाचल्या. कवितेतली वस्तू खरी कुठली, तो प्रसंग कुठला, ती वेळ कुठली, असे विचारत जाण्याची त्यांची सवय. त्यांचे सगळेच अर्थ मला पटत नाहीत. काही ठिकाणी ते कवीच्या आयुष्याला कवितेपेक्षा अधिक महत्त्व देतात. पण लावणी वाचताना ते नाक मुरडत नाहीत आणि मर्ढेकर वाचताना ते घाबरत नाहीत. दोन्हीकडे त्यांची नजर तीच. मला हे पुस्तक लिहिण्याचे धैर्य धोंडांच्या या समान नजरेने दिले. विजया राजाध्यक्षांनी मर्ढेकरांच्या कवितेचे स्वरूप आणि संदर्भ इतक्या बारकाईने मांडून ठेवले आहेत की त्यांच्या ग्रंथाशिवाय या क्षेत्रात पाऊल टाकता येत नाही. दुसऱ्या बाजूने शर्मिला रेगे यांनी लावणी सादर करणाऱ्या स्त्रियांच्या श्रमाकडे आणि जातीकडे लक्ष वेधले, आणि शैलजा पाईक यांनी २०२२ मधल्या आपल्या इंग्रजी ग्रंथात ‘अश्लील’ हा शिक्का जातीच्या उतरंडीतून कसा घडतो हे तमाशातल्या दलित स्त्रियांच्या जगण्यातून दाखवले. पाईकांचे पुस्तक वाचल्यावर मर्ढेकरांचा खटला मला पूर्वीसारखा वाचता आला नाही. कवीवर शिक्का बसला तो त्याने लिहिलेल्या ओळींमुळे, आणि तो पुसता आला. फडातल्या बाईवर तो तिने तोंड उघडण्याआधीच बसलेला असतो.

साठच्या दशकात दृश्य पालटले. पुस्तकात यावर तीन प्रकरणे आहेत, इथे फक्त दिशा सांगतो. ‘लेडी चॅटर्ली’ची प्रत विकल्याबद्दल मुंबईतल्या पुस्तकविक्रेत्यावर झालेला खटला सर्वोच्च न्यायालयात गेला. मुल्कराज आनंद यांनी बचावासाठी साक्ष दिली होती. १९६४ मध्ये न्यायालयाने शिक्षा कायम ठेवली आणि हिकलिनची कसोटी थोडी सुधारून का होईना, टिकवली. पाच वर्षांनी, १९६९ मध्ये, चंद्रकांत काकोडकरांच्या ‘श्यामा’ या कथेचा निकाल लागला. ही कथा ‘रंभा’च्या १९६२ च्या दिवाळी अंकातली. न्यायालयाने काकोडकरांना सोडले, काळाबरोबर समाजाची मापे बदलतात हे मान्य केले आणि प्रौढांसाठीचे सगळे लेखन किशोरांच्या मापाने तोलता येणार नाही असेही सांगितले. मराठी लेखकाला हवा असलेला दाखला अखेर मिळाला तो असा, एका लोकप्रिय कथालेखकामुळे. नवतेच्या इतिहासात काकोडकरांचे नाव कोणी घेत नाही. ते घ्यायला हवे. रेल्वेच्या फलाटावर विकल्या जाणाऱ्या कादंबऱ्यांच्या लेखकाने जी वाट मोकळी केली, तीवरून पुढे पुष्कळ प्रतिष्ठित साहित्य चालत गेले. त्याच वर्षी कलम २९२ मध्ये साहित्य, कला, विज्ञान, विद्या यांच्या हितासाठीच्या प्रकाशनाला अपवाद म्हणून जागा मिळाली.

या अपवादाने फार भले केले, हे मी मोकळेपणाने मानतो. पण त्यात एक दरी आहे. एखादी कृती साहित्य आहे हे कोण सांगणार? ज्याच्या शब्दाला वजन आहे तो समीक्षक, प्राध्यापक, संपादक. म्हणजे पुस्तकाच्या बाजूने बोलायला विद्वान हवा. ‘शब्द’, ‘असो’, ‘वाचा’ यांसारखी अनियतकालिके काढणाऱ्या दिलीप चित्रे, अरुण कोलटकर, अशोक शहाणे, भालचंद्र नेमाडे या तरुणांना नेमकी ही मध्यस्थी नको होती. सायक्लोस्टाइल यंत्रावर काढलेल्या, हातोहात वाटलेल्या त्या पानांमागे पैशाची अडचण होतीच, पण आपला वाचक आपण शोधू ही ईर्षाही होती. भाऊ पाध्ये यांच्या ‘वासूनाका’वर १९६५ नंतर वादळ उठले तेव्हा हल्ला सरकारकडून आला नाही. तो आचार्य अत्रे यांच्यासारख्या लोकप्रिय लेखक-संपादकाकडून आला. स्वतः कितीतरी लढाया लढलेल्या माणसाला मुंबईतल्या नाक्यावरच्या पोरांची बोली छापलेली सोसली नाही, याचे मला दुःख वाटते. नियंत्रण नेहमी वरूनच येते या समजुतीला या प्रकरणाने धक्का बसतो.

रंगभूमीवर तेच परिनिरीक्षण मंडळ होते. विजय तेंडुलकरांच्या ‘गिधाडे’चा प्रयोग १९७० मध्ये डॉ. श्रीराम लागूंनी केला तेव्हा गर्भपाताचा सूचक असा साडीवरचा लाल डाग मंडळाला चालला नाही. डाग निळा करण्यात आला आणि प्रेक्षकांना तो लाल समजण्याची विनंती निवेदनातून केली गेली. ‘सखाराम बाइंडर’च्या वेळी, १९७२ मध्ये, कमलाकर सारंग उच्च न्यायालयात गेले आणि जिंकले. ‘बाइंडरचे दिवस’ हे त्यांचे पुस्तक मराठीतल्या नियंत्रणाच्या इतिहासाचे अस्सल साधन आहे. या दोन्ही प्रकरणांत शहरातल्या नाट्यसंस्था होत्या, वकील होते, वृत्तपत्रे होती. डाग निळा केला तरी तो कळणारा, त्या निवेदनातला अर्थ ओळखून हसणारा प्रेक्षक समोर होता. वहीवर रेघ ओढली म्हणून उच्च न्यायालयात गेलेल्या फडाची गोष्ट माझ्या वाचनात नाही.

आणि मग १९७२ मध्येच ‘गोलपिठा’ आला. नामदेव ढसाळांचा जन्म खेड तालुक्यातल्या पूर-कनेरसरचा, म्हणजे आंबेगावच्या शेजारचा. ढसाळांची कविता मर्ढेकरांच्या प्रयोगांनंतरची आहे आणि तमाशाच्या, शाहिरीच्या आवाजाशी नाते सांगणारीही आहे. मी वर ज्या दोन कपाटांबद्दल बोललो, ती दोन्ही या एका संग्रहात एकत्र उघडतात. त्याला विजय तेंडुलकरांनी लिहिलेली प्रस्तावना मराठीतल्या थोर प्रस्तावनांपैकी एक. कवितेचे मोठेपण प्रमाणित करायच्या आधी तेंडुलकर आपल्याला काय माहीत नाही ते सांगतात. ढसाळांबरोबर गोलपिठ्याच्या त्या वस्तीत फिरतात, शब्दांचे अर्थ विचारून घेतात आणि पांढरपेशा वाचकाला त्या हद्दीपर्यंत आणून सोडतात. विद्वानाने पुस्तकाला जामीन राहायची पद्धत तिथे मोडली. प्रस्तावना लिहायला बसलो की मला त्या पानांचा धाक वाटतो, आणि तो बरा आहे.

पण हा प्रवास सरळ रेषेत मोकळिकीकडे गेला असे कोणी समजू नये. वसंत दत्तात्रेय गुर्जर यांची ‘गांधी मला भेटला’ ही कविता १९९४ मध्ये बँक कर्मचाऱ्यांच्या संघटनेच्या नियतकालिकात छापली गेली आणि खटला झाला. त्यावर एकवीस वर्षांनी, मे २०१५ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला. माफी मागितलेल्या मुद्रक-प्रकाशकांना न्यायालयाने मोकळे केले. कवीवरचा आरोप रद्द झाला नाही. इतिहासात आदराचे स्थान असलेल्या व्यक्तीच्या तोंडी किंवा तिच्याविषयी अशी भाषा घातली तर समाजाच्या मापाने अश्लीलता अधिक गंभीर ठरते, असा विचार त्या निकालात आहे. एक वर्ष आधी, २०१४ मध्ये, याच न्यायालयाने हिकलिनची कसोटी बाजूला ठेवून समकालीन समाजाची मापे स्वीकारली होती. माप बदलले, पण ज्याचे माप घ्यायचे तो वाचक पुन्हा अनुमानानेच ठरवला गेला. ती कविता बँकेत काम करणाऱ्या, युनियनचे अंक वाचणाऱ्या माणसांसाठी छापली होती. त्यांच्यापैकी कोण बिघडले, हा साधा प्रश्न मला त्या सगळ्या चर्चेत कुठे सापडला नाही.

हे पुस्तक वाचणाऱ्यांना दोन सूचना. यात कोणत्याही कवितेच्या, लावणीच्या किंवा वगाच्या ओळी उद्धृत केलेल्या नाहीत. खटल्यांच्या इतिहासात सुटी ओळ काढून दाखवणे हे फिर्यादीचे हत्यार होते. त्या कृती पूर्ण वाचाव्यात, वगाच्या बाबतीत समोर बसून ऐकाव्यात. दुसरे म्हणजे आणीबाणीतल्या सेन्सॉरशिपवर इथे प्रकरण नाही. दुर्गाबाई भागवतांचे तेव्हाचे धैर्य मराठी माणसाने विसरू नये असेच आहे, परंतु ते राजकीय अभिव्यक्तीचे प्रकरण आहे. देहाच्या आणि बोलीच्या नियंत्रणाचा धागा त्यात हरवला असता.

शेवटी एक मागणी, आणि ती मी प्रस्तावनेत करतो कारण शासनाने निदान प्रस्तावना तरी वाचावी. रंगभूमीवरचे पूर्वपरिनिरीक्षण आजही चालू आहे. अमोल पालेकर यांनी २०१६ मध्ये त्याला मुंबई उच्च न्यायालयात आव्हान दिले, तेव्हा हा प्रश्न पुन्हा थोडा चर्चेत आला. ते राहावे की जावे यावर माझे मत वाचकाला कळले असेलच. पण ते राहो वा जावो, १९५० च्या दशकापासून तपासल्या गेलेल्या वगांच्या आणि लावण्यांच्या वह्या, त्यांवर मारलेल्या रेघांसह, राज्य पुराभिलेखात नीट लावून अभ्यासकांना आणि फडांच्या वारसांना पाहायला मिळाव्यात. त्यांच्या प्रती नारायणगावला ठेवाव्यात. कोणत्या वाक्यावर रेघ मारली गेली, हे ज्यांच्या आजोबाने ते वाक्य रचले त्या माणसाला मुंबईच्या खेपा न घालता वाचता आले पाहिजे.